‘एकटी’चा हरवलेला आवाज

१. चोरानं काय ठेवलं

“शब्दांवर विसंबू नकोस, पोरी. शब्द माणूस ठरवून बोलतो. श्वास मात्र त्याला न विचारता येतो.”

हा आवाज आत्यानं ऐकला त्याला एक आयुष्य लोटलं. रेडिओवर श्रुतिका बसवायला शिकवणाऱ्या तिच्या गुरूंचा तो आवाज, घोंगडीसारखा जाडाभरडा आणि तितकाच उबदार. गुरू गेले, श्रुतिका गेल्या, आत्याची नोकरीही यथावकाश संपली. आवाज मात्र कानात डूल असावा तसा लटकून राहिला, मान हलवली की हलायचा.

त्या दिवशी सकाळी आत्या जिन्यात उभी राहून शेजारणीला भाचीचं कौतुक सांगत होती.

“आज संध्याकाळी तिचा अल्बम येतोय. एकटीचा, पहिलावहिला.”

“रॅप म्हणजे ते भांडल्यासारखं बोलतात, तेच ना?”

“भांडल्यासारखं कसलं, भांडणच ते. फक्त तालात. थांब, तुझ्या फोनवर झलक लाव, तूच बघ.”

शेजारणीनं शोधलं, बोटानं वर सरकवलं, खाली सरकवलं. अल्बमचं पान होतं, पोस्टर होतं, झलक नव्हती. “काल तर होती,” आत्या म्हणाली. “मेल्या नेटचं काही खरं नाही,” शेजारीण म्हणाली, आणि तेवढ्यात आत्याच्याच पदराखालचा फोन ओरडला.

“आत्या, आवाज गेला!”

“गरम पाण्याच्या गुळण्या कर.”

“माझा नाही गं! गाण्यातला! शेवटच्या गाण्यातला माझा आवाज कुणीतरी पुसून टाकलाय. मी आत्ताच स्टुडिओत आले. तुलाच पहिला फोन केला, अजून कुणालाही सांगितलं नाही. तू ये.”

भाचीचं खरं नाव घरच्यांच्याही जिभेवरून उतरलं होतं. जग तिला ठिणगी म्हणायचं. कित्येक वर्षं ती आणि तिचा जोडीदार मिळून ‘ठिणगी-फुंकर’ या नावानं मंच गाजवत आले. ती ओळ पेटवायची, आणि तिचा दम संपत आला की ओळीचा शेवटचा शब्द तो उचलायचा. तेवढ्यात ती श्वास घ्यायची. लोकांना वाटायचं, काय नजाकत! मग एकदा कुणीतरी गर्दीतून ओरडलं, “फुंकर नसेल तर ठिणगी विझते!” सगळे हसले. ठिणगी हसली नाही. त्या दिवसापासून तिनं एकच ध्यास घेतला: एक अख्खा अल्बम, ज्यात दुसऱ्या कुणाचा एक शब्द नसेल. नाव ‘एकटी’. पोस्टरवर मोठ्या अक्षरांत: एक गळा, एक श्वास.

आणि आता त्याच अल्बमचं शेवटचं गाणं मुकं झालं होतं. ते मिळालं नाही, तर तो गर्दीतला माणूस जन्मभर खरा ठरणार होता.

स्टुडिओ गालिच्यांच्या गोदामाच्या वर होता. भिंतींना जुन्या गालिच्यांचे तुकडे ठोकलेले. आत पाऊल टाकलं की कानात बोळे घातल्यासारखं जग गप्प व्हायचं. ध्वनिमुद्रण करणाऱ्याला सगळे बटण म्हणत. गोल, चकचकीत टकलाचा, आणि दाबलं की बोलणारा.

“बाकीची गाणी?” आत्यानं दाबलं.

“शाबूत आहेत. या गाण्याची साथसुद्धा शाबूत. ताल, बास, सगळं जागच्या जागी. फक्त हिचा आवाज नाही. आणि दुसरी प्रत होती तीसुद्धा पुसलेली. ती डिस्क मी बिस्किटांच्या डब्यात ठेवतो.”

“बिस्किटांच्या?”

“कुणाला संशय येऊ नये म्हणून.”

“आणि कुणाकुणाला ठाऊक होतं?”

बटणानं टक्कल खाजवलं. “बिस्किटं खाणाऱ्या सगळ्यांना. म्हणजे मी, ठिणगी, चिमणी. आणि पूर्वी फुंकर. त्याच्याकडं अजून किल्ली आहे.”

चिमणी म्हणजे ठिणगीची धाकटी बहीण. पोस्टर, फोटो, नेटवरचं पान, सगळं तिच्याकडं, स्टुडिओची एक किल्लीसुद्धा.

ठिणगी इतका वेळ येरझारा घालत होती. ती गर्रकन वळली. “बटणा, खरं सांग. हे गाणं तुझ्याशिवाय कुणी ऐकलं होतं?”

आत्याच्या कानातला डूल हलला. तिनं विचारलं, “काहीच उरलं नाही?”

“कच्चं उरलंय. पहिल्या दिवशी हिनं चाल बसवायला बोललेलं, अडखळत. ते तसंच आहे. उलट,” बटण पडद्याकडं बोट दाखवत म्हणाला, “मी आलो तेव्हा ते समोरच उघडून ठेवलेलं होतं.”

चोर घर धुवून घेऊन गेला होता, आणि जाताना उंबऱ्यात दिवा लावून गेला होता.

२. माइक हलत नाही

“हा काही वैरी नव्हे,” आत्या स्वतःशीच पुटपुटली. वैऱ्यानं सगळी गाणी पुसली असती.

ती काचेआडच्या छोट्या खोलीत शिरली. माइकच्या तिपाईभोवती जमिनीवर लाल चिकटपट्टी लावलेली होती.

“हात लावू नका, आत्या!” बटण बाहेरून कळवळला. “अल्बम सुरू केला त्या दिवशी हिच्या तोंडासमोर माइक लावला, तेव्हापासून तो केसभर हललेला नाही. माइक हलला की आवाजाचा पोत बदलतो. मग एक गाणं रेशमी आणि दुसरं सुती. अल्बम संपेपर्यंत माझ्या स्टुडिओत माइक म्हणजे देव. आपण फिरायचं, देवानं नाही.”

आत्या माइकसमोर उभी राहिली. तो तिच्या कपाळाशी आला. ठिणगी उंच, शिडशिडीत. फुंकर तिच्याहून वीतभर उंच, दारातून येताना वाकणारा. बटणाला तर माइकपर्यंत पोचायला उडीच मारावी लागली असती. कोपऱ्यात एक लाकडी खोकं उपडं पडलेलं होतं. वर चहाच्या कपांचे गोल डाग होते.

ती चहाच्या खोलीत गेली. तिथं किटली जमिनीवर होती. भिंतीला एक चौकोन स्वच्छ दिसत होता, एरवी तिथं काहीतरी टेकून असायचं.

“बटणा, किटली खाली का रे?”

“अं? हो... खोकं कुठं गेलं कुणास ठाऊक.”

बटणाचा आवाज नेहमीपेक्षा एक पायरी वर चढला. आत्यानं त्या पायरीकडं नुसतं पाहून घेतलं.

“बरं, हे गाणं पुरं झालं कधी?”

ठिणगीच उत्तरली, घाईघाईनं. “मागच्या आठवड्यात. माझा घसा बसला होता. तरी बोलले. शेवटच्या कडव्याला दम तुटत होता, म्हणून घरी गेले. दुसऱ्या दिवशी बटणानं ऐकवलं, तर सलग झालेलं! म्हणाला, तुझेच तुकडे जुळवलेत. एकदा ऐकलं मी.”

“एकदाच?”

“एकदाच.”

जिनं आयुष्यभर शिंकसुद्धा दहा जणांना ऐकवली, तिनं आपलं सगळ्यात अवघड कडवं एकदाच ऐकलं होतं. आत्यानं फोन पदराखालून काढला. ठिणगीनं झलक तिला आधीच पाठवून ठेवली होती, आणि ती त्या शेवटच्या कडव्याचीच होती.

आत्यानं फोन कानाशी धरला. ऐकलं. पुन्हा ऐकलं. मग फोन हळूच बंद केला.

“चल गं,” ती भाचीला म्हणाली. “फुंकरला भेटू.”

“त्यानंच केलं ना?”

“त्यानं काय केलं ते त्यालाच विचारू. मी काय केलं, ते मला कळलंय.”

“तू काय केलंस?”

“आतापर्यंत बहिरेपणा.”

३. चष्म्याच्या दुकानात

फुंकर दिवसा चष्म्यांच्या काचा घासायचा. दुकानाच्या मागच्या खोलीत फिरत्या चाकावर काच धरून तो वाकलेला होता, कंदिलावर झाड वाकावं तसा. ठिणगीला पाहून त्यानं चाक थांबवलं.

“अभिनंदन,” तो म्हणाला. “आज दिवस आहे तुझा.”

“गाणं ऐकलंस का?” ठिणगीनं एकदम विचारलं. “शेवटचं. ऐकलंस?”

“मला वाटलं होतं, तू विचारशील, चोरलंस का.”

“म्हणजे चोरी झाल्याचं तुला माहीत आहे!”

“अगं बाई, तू वादळासारखी आत येतेस, सोबत आत्या, चेहरा असा. काहीतरी गेलंय हे कळायला मला माझ्याच दुकानातला चष्मा लागत नाही.” त्यानं हातातली काच उजेडाला धरली. “ऐकलं. काल संध्याकाळी माझे हेडफोन आणायला गेलो होतो. चिमणी एकटीच ऐकत बसली होती. छान आहे.”

“छान? नुसतं छान?”

“राग येणार नसेल तर सांगतो. शेवटच्या ओळी लांब आहेत. तू अजून दोघांसाठी लिहितेस.”

ठिणगीच्या चेहऱ्यावरून काहीतरी झर्रकन गेलं, आणि पाठोपाठ ती स्वतःच निघून गेली. दुकानाच्या दाराची घंटा बराच वेळ किणकिणत राहिली.

आत्या मात्र स्टूल ओढून बसली. “खरं बोललास. सवयच तशी लागलीय तिला. शेवटचा शब्द कुणीतरी झेलेल, या भरवशावर ओळ फेकते.”

“वर्षानुवर्षं झेलला मी. त्या जागेवर मी उभा होतो, आत्या. त्या जागेचा कानाकोपरा मला पाठ आहे.”

“म्हणून तुला ऐकू आलं.”

फुंकर हसला नाही, दचकलाही नाही. “तुम्हालाही आलं तर.”

“चिमणीला तू काय म्हणालास?”

“एकच प्रश्न विचारला.”

“कोणता?”

“तो आता तिचा झालाय,” फुंकर म्हणाला आणि त्यानं चाक पुन्हा सुरू केलं. “तिलाच विचारा.”

४. शिडीवरची चिमणी

संध्याकाळच्या कार्यक्रमाच्या सभागृहात चिमणी शिडीवर चढून पोस्टर लावत होती. अंगापिंडानं एवढीशी, शिडीच्या वरच्या पायरीवरूनही तिचा हात जेमतेम पोचत होता. ‘एक गळा’ भिंतीला चिकटला होता. ‘एक श्वास’ अजून गुंडाळीतच होता.

“आत्या, तू? ताई कशी आहे? जेवली का?”

“रागानं पोट भरलंय तिचं.” आत्यानं शिडी धरली. “चिमणे, झलक पानावर दिसत नाही गं.”

“मीच काढली. गाणंच गेलं, तर झलक ठेवून काय करायचं? लोक विचारतील.”

“शहाणी आहेस. कधी काढलीस?”

“ताईचा फोन आला, चोरी झाली म्हणाली, तेव्हाच. लगेच.”

शिडी जराशी थरथरली. आत्यानं ती दोन्ही हातांनी घट्ट धरून ठेवली. पोरगी पडू नये, एवढंच त्या क्षणी तिच्या मनात होतं.

सकाळी शेजारीण झलक शोधत होती, तेव्हा ठिणगीचा पहिला फोन अजून यायचा होता. चोरी झाली हे कुणालाच कळलेलं नव्हतं, आणि झलक तरी गेलेली होती.

“खाली ये, बाळ,” आत्या म्हणाली. “आपण सगळे स्टुडिओत बसू.”

५. एका गळ्यातून दोन वाटा

गालिच्यांच्या खोलीत चौघं जमली. फुंकरही आला, दारातून वाकून. आत्यानं बटणाला आपला फोन मोठ्या स्पीकरांना जोडायला सांगितला.

“श्रुतिकेत आम्ही एकाच खोलीत जंगल उभं करायचो, समुद्र उभा करायचो. लोकांना फसवायची विद्या मी पोटासाठी केलीय. त्यामुळं फसवणूक ऐकू आली की मला राग येत नाही, घरचं माणूस भेटल्यासारखं वाटतं. लाव रे.”

ठिणगीचा आवाज खोलीत उसळला:

*वाट माझी, वाळू माझी, टाचेमधला काटा माझा,*
*ऊन माझं, तहान माझी, वाऱ्यामधला वाटा माझा,*
*कुणी म्हणालं थांब, कुणी म्हणालं लांब, कुणी म्हणालं वळ गं,*
*दार माझं, दारापुढच्या दाही दिशांचा उंबरा माझा!*

“आता फक्त शेवटची ओळ. आणि शब्द ऐकू नका. शब्दाखाली ऐका.”

*...दाही दिशांचा उंबरा माझा!*

“पुन्हा.”

तिसऱ्यांदा सगळ्यांनाच ऐकू आलं. ‘माझा’ हा शब्द ठणठणीत वाजत होता, आणि त्याच्याच पोटात, अगदी त्याच क्षणी, कुणीतरी घाईनं श्वास आत ओढत होतं.

“बोलताना श्वास बाहेर जातो,” आत्या म्हणाली. “घेताना आत येतो. एका गळ्यातून दोन्ही वाटा एकदम चालत नाहीत. श्वास ठिणगीचा आहे, तो मी तिच्या पाळण्यापासून ओळखते. मग ‘माझा’ कुणाचा?”

आत्यानं काचेआडच्या खोक्याकडं बोट दाखवलं.

“आवाज सख्खा आहे, एकाच मातीचं मडकं. पण आमचे बटणराव माइक हलवत नाहीत. म्हणून जी बोलली तिला खोक्यावर चढावं लागलं, आणि बिचारी किटली जमिनीवर आली.”

बटण आपणहून दाबला गेला. “माझी अक्कल, आत्या! घसा बसला होता हिचा, तारीख तोंडावर. शेवटचा शब्द काही केल्या होईना. चिमणी चहा करत होती. म्हटलं, एक शब्द तर आहे! बहिणी-बहिणींचा आवाज कोण ओळखतंय? पुसलं मात्र मी नाही, देवाशपथ!”

“ठाऊक आहे. काल फुंकर इथं आला, त्यानं गाणं ऐकलं आणि चिमणीला विचारलं...” आत्या थांबली.

“शेवटचा शब्द कुणाचा,” फुंकर हळूच म्हणाला. “एवढंच विचारलं. वाईट हेतू नव्हता.”

“झालं. पोरगी हादरली. याला ऐकू येतं तर उद्या आणखी कुणाला येईल, आणि ‘एक गळा’ म्हणणारी ताई भर बाजारात खोटी ठरेल. सांगावं, तर ताईचा धीर जाईल. मग तिनं तिसरीच वाट काढली. पहाटे येऊन आवाज पुसला, दुसरी प्रत पुसली, झलक काढली. कच्चं तेवढं समोर उघडून ठेवलं, म्हणजे ताई ते ऐकेल आणि पुन्हा बोलेल. घसा आता बरा आहे. नवं गाणं खरं होईल, आणि जुनं खोटं होतं हे तिला कधी कळणारही नाही. चोरी कसली, दुरुस्ती होती ती. चुकलं का माझं, चिमणे?”

“ताईला कळू द्यायचं नव्हतं,” चिमणी म्हणाली. “तिला वाटू दे, की जमलं होतं.”

सगळ्यांनी ठिणगीकडं पाहिलं. आता ही पेटणार, असंच प्रत्येकाला वाटलं. ती पेटली नाही. खिडकीकडं तोंड करून उभी राहिली.

६. उंबरा

“बटणा, माइक चालू कर,” ती अखेर म्हणाली. “संध्याकाळ व्हायला अवकाश आहे.”

ती लाल पट्टीच्या आत जाऊन उभी राहिली. पहिल्यांदा शेवटच्या ओळीत दम तुटला. दुसऱ्यांदा तुटला. तिसऱ्यांदा ‘उंबरा’पर्यंत आली आणि खोकली. बटण हळूच म्हणाला, “तुकड्यातुकड्यांनी घेऊ या का?” काचेआडून आलेल्या नजरेनं तो पुन्हा आत दाबला गेला.

फुंकर काचेशी गेला. नुसता तिच्यासमोर उभा राहिला, आणि सवयीनं जिथं तो शब्द झेलायचा, तिथं त्यानं दोन्ही हात पाठीमागं बांधले.

ठिणगीनं ते पाहिलं. डोळे मिटले. आणि चौथ्यांदा ओळ अशी सोडली, जसं घारीनं कड्यावरून स्वतःला सोडावं:

*दार माझं, दारापुढच्या दाही दिशांचा उंबरा...*

आणि थांबली. शब्द बोललीच नाही. त्या रिकाम्या जागेत तिनं श्वास घेतला, उघडउघड, छाती भरून, कुणापासून न लपवता. मग ताल पुढं चालू लागला. न बोललेला तो शब्द खोलीतल्या प्रत्येकाच्या ओठांवर आपोआप येऊन बसला होता.

“श्वास साफ करू का?” बटणानं विचारलं. “फार मोठा आलाय.”

“हात लावशील तर टकलावर तबला वाजवीन,” ठिणगी म्हणाली. ती घामानं निथळत होती आणि हसत होती. त्या दिवसातलं पहिलं हसू.

गाणं रवाना झालं. बटण खोकं उचलून किटलीच्या जागी ठेवायला गेला, फुंकर त्याच्याबरोबर चहाला. चिमणी मात्र दाराशीच उभी होती, निकाल ऐकायला आल्यासारखी.

“ताई, रागव ना,” ती म्हणाली. “काहीतरी बोल. मी तुझ्या अल्बममध्ये घुसले, वर तुझाच आवाज पुसला.”

ठिणगीनं आत्याकडं पाहिलं. आत्यानं गालिच्याचा एक सुटलेला धागा बोटाला गुंडाळायला घेतला होता. दिवसभर भाचीनं कुणालाही ‘चोरलंस का’ असं विचारलं नव्हतं. प्रत्येकाला ‘ऐकलंस का’ एवढंच विचारलं होतं. आत्याला ते सकाळीच कळलं होतं, पण काही कुलपं बाहेरून उघडायची नसतात.

“मी जाऊ का गं बाहेर?” आत्यानं विचारलं.

“नको. थांब.” ठिणगी बहिणीसमोर जाऊन जमिनीवरच बसली, म्हणजे आता चिमणी तिच्याहून उंच झाली. गाणं खरं झालं होतं. जुना आवाज आत्याच्या फोनपलीकडं कुठंच उरला नव्हता. आता काही सांगायची गरजही उरली नव्हती. तिनं चिमणीचे दोन्ही हात हातात घेतले.

“बटणानं ऐकवलं ना मला,” ती म्हणाली, “तेव्हा त्या शब्दालाच ओळखलं होतं मी. तू होतीस. माझ्यापेक्षा छान बोलली होतीस, चिमणे. आणि मी गप्प बसले.”